केनियातले लुओ आणि युगांडातले अचोली एकच भाषा बोलतात का? स्वाहिलीशी त्यांचं काही नातं आहे का?

एकच नाही, पण सख्ख्या बहिणी म्हणाव्यात इतक्या जवळच्या, दोन्ही नायलोटिक कुळातल्या. स्वाहिली मात्र बांटू कुळातली. शेजारामुळे शब्दांची देवघेव झाली, तेवढंच. नातं काही नाही.

मी कामानिमित्त केनियातल्या किसुमूला होतो तेव्हा आमचा ड्रायव्हर होता ओकोथ आणि कंपाला ऑफिसचा हिशेबनीस ओकोट. मला वाटलं, एकाच नावाचं स्पेलिंग कुणीतरी चुकवलंय. ओकोथ हसला. म्हणाला, दोघंही पावसात जन्मलो, त्याचा पाऊस त्याच्या भाषेतला, माझा माझ्या. केनियाच्या लुओंच्या धोलुओ भाषेत पाऊस म्हणजे 'कोथ', अचोलीत 'कोट'. आधी ओ लागला की मुलगा, अ लागला की मुलगी: अकोथ.

एकदा हा थ-ट चा हिशेब कळला की पुढचं आपोआप दिसायला लागतं. गुरं धोलुओत 'धोक', अचोलीत 'डोक'. दंत्य आणि त्यामागचा असे दोन वेगळे वर्ण मुळात होते. अचोली आणि युगांडातल्याच लांगो भाषेने ते एकात मिसळून टाकले, धोलुओने जपले. आपल्याला त-ट चा फरक जन्मजात कळतो, म्हणून हे पटकन कानात बसतं. भाषांची नावंही बघा: धोलुओ म्हणजे 'लुओंचं तोंड', तर अचोली लोक आपल्या भाषेला 'लेब अचोली' म्हणतात, म्हणजे 'अचोलींची जीभ'.

धोलुओ, अचोली, लांगो, अलुर, अधोला, कुमाम या दक्षिणेकडच्या लुओ भाषा (लुओ हे या सगळ्या गटाचंही नाव). केनियात लुओ लोकच 50 लाखांवर आहेत (2019 ची जनगणना). उत्तरेकडे, म्हणजे मुख्यतः दक्षिण सुदानात, शिलुक, अनुआक आणि वाऊजवळची लुवो. या लुवोंना शेजारचे डिंका 'जुर' म्हणतात, म्हणजे परके! गंमत अशी की डिंका आणि नुएर याही लुओंसारख्याच नायलोटिक कुळाच्या पश्चिम शाखेतल्या, लुओ भाषांच्या चुलत बहिणी.

फक्त भाषेवरून रक्त ठरवू नका. लांगो बोलतात लुओ भाषा, पण त्यांचे बरेचसे पूर्वज पूर्वेकडच्या तेसो-करामोजोंग लोकांच्या नात्यातले मानले जातात.

अलुर आणि अचोलींची फाटाफूट कशी झाली याची त्यांची स्वतःची गोष्ट आहे, नावं मात्र जागोजागी बदलतात. गिपिरने भाऊ लाबोंगोचा भाला हत्तीवर फेकला, हत्ती भाला घेऊन पळाला. लाबोंगो म्हणाला, दुसरा नको, तोच आणून दे. गिपिर रानोमाळ भटकून तो घेऊन आला, सोबत एका म्हातारीने दिलेले मणी. पुढे लाबोंगोच्या तान्ह्या मुलाने त्यातला एक मणी गिळला. आता गिपिर अडून बसला: तोच मणी हवा. मुलाचं पोट फाडून मणी काढला. मग युगांडातल्या पाक्वाचजवळ नाईलमध्ये कुऱ्हाड पुरून दोघे वेगळे झाले. नदीपलीकडे पश्चिमेला गेलेल्याचे वंशज अलुर, अलीकडे राहिलेल्याचे अचोली.