काँगोतल्या कष्टकरी बायका रोजचं घर कशा चालवतात?

मुख्यतः रोजच्या विक्रीवर. राजधानी किन्शासात पक्क्या पगाराच्या नोकऱ्या फार थोड्या, त्यामुळे कितीतरी घरांची चूल बाजारात बसणाऱ्या बाईच्या कमाईवर पेटते.

एक क्वांगाच बघा. आपला साबुदाणा ज्या कंदापासून होतो, त्याच कसाव्याचा हा पदार्थ. कंद दोन-चार दिवस पाण्यात भिजत घालायचे, कारण त्यात विषारी अंश असतो आणि तो असाच निघतो. मग ते कुटायचे, मळायचे, रुंद पानांत घट्ट बांधून वाफवायचे. आंबूस वासाचा हा लांबट गोळा चांगले काही दिवस टिकतो, म्हणून आज खपला नाही तर उद्या विकता येतो. फ्रीज नसलेल्या घरात ही केवढी मोठी गोष्ट आहे! आणि एवढी मेहनत करून मग डोक्यावर पाटी घेऊन बाजार गाठायचा.

भांडवलासाठी बँकेची वाट कोण बघणार? त्यांची 'लिकेलेंबा' असते, म्हणजे थेट आपली भिशीच. सगळ्याजणी ठरलेली रक्कम घालतात, पाळीपाळीने एकीला सगळी मिळते. त्यातून मुलांची फी भरली जाते, नवा माल येतो. सगळा व्यवहार निव्वळ शब्दावर, आणि मला याच गोष्टीचं सर्वांत जास्त कौतुक वाटतं.

हे सगळं कायदा आडवा असतानाही चालू होतं, हे विसरू नका. 1987 च्या कुटुंब कायद्यानुसार विवाहितेला कायदेशीर व्यवहारासाठी नवऱ्याची परवानगी लागायची. ती अट 2016 मध्ये निघाली.