वकीलबाईंना विचारा : रविवारी कोर्ट बंद असतं, म्हणे

या महिन्याच्या पत्रांत वारस नोंदी आणि बांधाची भांडणं नेहमीसारखीच होती, पण तीन पत्रं फौजदारीची निघाली. ती आधी घेते. पहिल्याला बरीच जागा जाईल, कारण तसं प्रकरण माझ्याकडे दर पंधरा दिवसांनी कुणी ना कुणी घेऊन येतंच.

प्रश्न : ताई, नमस्कार. मी उजनीच्या कालव्यावरचा शेतकरी. माझा मुलगा २२ वर्षांचा, दुसऱ्याच्या टेम्पोवर ड्रायव्हर आहे. विहिरीवरच्या मोटारी आणि केबल चोरल्याच्या संशयावरून शनिवारी रात्री नऊच्या सुमारास पोलिसांनी त्याला ढाब्यावरून नेलं. रविवारी दुपारी मी खानावळीतून डबा नेला. तो ठेवून घेतला, पण भेटू दिलं नाही. ‘आज रविवार, कोर्ट बंद. उद्या हजर करू,’ असं सांगितलं. सोमवारी संध्याकाळी कोर्टात उभा केला, तेव्हा कागदावर अटक सोमवारी सकाळी ११ ची. दोन दिवस पोलीस कोठडी झाली, मग जामीन मिळाला. मुलगा म्हणतो, कोऱ्या कागदांवर सह्या घेतल्या. हे असं चालतं का? आता काही करता येईल का? (नाव, गाव छापू नये.)

उत्तर : काका, कायद्याने चालत नाही. रविवारचं म्हणाल, तर राज्यघटनेच्या कलम २२(२) मध्ये सुट्टीचा शब्दसुद्धा नाही. अटक केलेल्या माणसाला चोवीस तासांच्या आत जवळच्या मॅजिस्ट्रेटपुढे हजर करायचं, आणि त्यातून वजा होतो तो फक्त अटकेच्या जागेपासून कोर्टापर्यंतच्या प्रवासाचा वेळ. रविवार असो, दिवाळी असो, रिमांडचं, म्हणजे आरोपीला कोठडीत ठेवायचं की नाही ते ठरवण्याचं, काम पाहायला मॅजिस्ट्रेटची पाळी लावलेली असते. मी स्वतः लक्ष्मीपूजनाच्या दिवशी मॅजिस्ट्रेटसाहेबांच्या बंगल्यावर वकीलपत्र दिलेलं आहे. पोलिसांना हे पक्कं ठाऊक असतं. ‘कोर्ट बंद’ हे उत्तर डबा घेऊन आलेल्या बापासाठी असतं.

आता खरी मेख अटकेच्या वेळेत आहे. तुमचा मुलगा शनिवारी रात्री नऊला गेला आणि कागदावर सोमवारी सकाळी अकराला अटक झाला. मधल्या अडतीस तासांत तो कोण होता? विचाराल तर सांगतील, ‘चौकशीला बोलावलं होतं.’ पण चौकशीला आलेला माणूस मनात येईल तेव्हा उठून घरी जाऊ शकतो. तुमचा जाऊ शकत नव्हता. बापाला भेटूही देत नाहीत म्हटल्यावर ती अटकच होती, कागद कधी का केला असेना.

हे माझं एकटीचं मत नाही. जानेवारी २०२५ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे मनी लाँडरिंगचं एक प्रकरण आलं होतं. ईडीने माणूस ताब्यात घेतला दिल्लीच्या विमानतळावर सकाळी ११ वाजता. अटकेचा कागद केला रायपूरला, मध्यरात्रीनंतर सव्वा वाजता, आणि कोर्टात हजर केलं त्या दिवशी दुपारी ३ ला. कागदाप्रमाणे चौदा तासही झाले नव्हते. न्यायालयाने मोजायला सुरुवात केली ती विमानतळापासून. चोवीस तास उलटून गेले होते, अटक बेकायदा ठरली आणि जामीन कायम राहिला. ईडीच्या प्रकरणात जामीन मिळणं किती जड असतं हे ज्यांना माहीत आहे, त्यांना या निकालाचं वजन कळेल.

म्हणून तुमच्या पत्रातली डब्याची गोष्ट मला फार मोलाची वाटते. खानावळीचे पैसे फोनपेवर दिले असतील तर तो व्यवहार वेळेसकट जपून ठेवा. शनिवारी रात्री मुलाला लावलेले आणि उचलले न गेलेले फोन, ढाब्याच्या गल्ल्यावरचा कॅमेरा, टेम्पोमालकाला केलेला मेसेज, सगळं गोळा करा. ढाब्याचं फुटेज बहुधा थोड्याच दिवसांत पुसलं जातं, त्यामुळे तिथे आजच जा. ठाण्याच्या कॅमेऱ्यांचं वेगळं आहे. प्रत्येक पोलीस ठाण्यात आत-बाहेर, कोठडीपर्यंत कॅमेरे लावा आणि फुटेज दीड वर्ष, यंत्रणा तेवढी नसेल तर निदान एक वर्ष ठेवा, असा सर्वोच्च न्यायालयाचा डिसेंबर २०२० चा आदेश आहे. शनिवार ते सोमवारचं फुटेज राखून ठेवा, असा अर्ज पोलीस अधीक्षकांकडे द्या, पोच घ्या, आणि त्याच अर्जाची प्रत वकिलामार्फत कोर्टात दाखल करा. ‘कॅमेरा बंद होता’ असं उत्तर आलं, तरी तेही लेखी घ्या.

आणखी एक गोष्ट तुम्ही विचारलेली नाही, पण मला विचारायची आहे. मुलाला अटकेची कारणं लेखी दिली होती का? मराठीत? कलम २२(१) प्रमाणे कारणं सांगायलाच हवीत. ती लेखी आणि आरोपीला समजणाऱ्या भाषेत, रिमांडसाठी हजर करण्याच्या निदान दोन तास आधी द्यायची, हे सर्वोच्च न्यायालयाने नोव्हेंबर २०२५ मध्ये आपल्या राज्यातल्याच एका अपिलात स्पष्ट केलं. वरळीच्या अपघाताचं ते प्रकरण. ‘तपासकामी आवश्यक’ एवढं लिहिलं म्हणजे कारणं होत नाहीत. केबलचोरीशी या मुलाचा काय संबंध, हे त्यात आलं पाहिजे. मुळात साध्या चोरीला तीन वर्षांपर्यंत शिक्षा आहे. अशा गुन्ह्यात आधी हजर राहण्याची नोटीस द्यायची आणि अटक करायचीच असेल तर ती का, हे लिहायचं. २०१४ च्या अर्नेश कुमार निकालापासून हे चालत आलंय, आणि आता ते नागरिक सुरक्षा संहितेच्या, म्हणजे नव्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या, कलम ३५ मध्ये आहे.

मग कोर्टात हे कुणी का बोललं नाही? रिमांडच्या वेळी काय होतं ते सांगते. आरोपीला पुढे आणतात. बाजूला हवालदार असतो, ज्याने रात्री दम दिला तोच बऱ्याचदा. मॅजिस्ट्रेट विचारतात, ‘पोलिसांविरुद्ध काही तक्रार आहे का?’ पोरगं आधी हवालदाराकडे बघतं, मग मान हलवतं. ‘आरोपीची तक्रार नाही’ एवढं ओळीत येतं आणि पुढचा पुकारा होतो. सगळं मिळून तीन-चार मिनिटांचं काम. ती ओळ पुढे वर्षानुवर्षं आडवी येते. त्याच वेळी वकील असता आणि त्याने ‘साहेब, याला शनिवारी रात्री नऊला उचललाय, स्टेशन डायरी मागवा’ एवढं म्हटलं असतं, तर ते रोजनाम्यात, म्हणजे कोर्टाच्या त्या दिवशीच्या नोंदीत, आलं असतं. घरचे मात्र त्या वेळी ठाण्याच्या आवारात मांडवलीच्या खटपटीत असतात. सरपंचाला फोन, ओळखीच्या जमादाराला फोन, आणि वकील सगळ्यात शेवटी. वकिलाला पैसे नसतील तर तालुका विधी सेवा समितीकडे जा, किंवा १५१०० वर फोन करा. कोठडीतल्या माणसाला फुकट वकील मिळायला उत्पन्नाची अट नाही.

सह्यांचं तुम्ही समजता तेवढं घाबरू नका. पोलिसापुढे दिलेला कबुलीजबाब पुराव्यात येत नाही, आणि तपासात नोंदवलेल्या जबाबावर सही घ्यायचीच नसते. भीती आहे ती निवेदन पंचनाम्याची. ‘मी मोटार लपवलेली जागा दाखवतो’ असं आरोपी म्हणाला आणि त्यावरून मोटार सापडली, तर तेवढा भाग चालतो. कोऱ्या कागदाचा पंचनामाही होऊ शकतो. म्हणून कोऱ्या कागदांवर सह्या घेतल्याचा अर्ज मुलाच्या नावाने कोर्टात लवकर द्या. दोषारोपपत्र आल्यावर दिलेला अर्ज ‘नंतर सुचलेला’ म्हणून बाजूला पडतो.

जाता जाता एक. हे कलम २२ मूळ मसुद्यात नव्हतंच. १५ सप्टेंबर १९४९ ला डॉ. आंबेडकरांनी ते १५-अ म्हणून संविधान सभेत मांडलं. या गोष्टी फौजदारी संहितेत आहेतच, मग घटनेत कशाला, याचं उत्तरही त्यांनी दिलं होतं : संहिता विधिमंडळ बदलू शकतं, घटनेत घातल्यावर ते त्यांच्या हातात राहत नाही. २०२४ च्या १ जुलैला जुनी संहिता गेली, नवी आली, कलमांचे आकडे पाठ केलेले आम्ही वकील महिनोन्‌महिने गोंधळलो, पण चोवीस तास आहेत तिथेच आहेत. त्याच कलमाच्या पुढच्या भागाने प्रतिबंधात्मक स्थानबद्धतेला, म्हणजे पुढे गुन्हा करील म्हणून आधीच डांबून ठेवण्याला, मात्र मोकळीक दिली. एमपीडीए या राज्याच्या स्थानबद्धता कायद्याखाली उचललेल्याला हे चोवीस तास लागू नाहीत. मला ते कधीच पटलेलं नाही.

प्रश्न : आमच्या तालुक्यात लहान मुलीवर अत्याचार झाला. वकील संघाने आरोपीचं वकीलपत्र कुणी घ्यायचं नाही असा ठराव केला, आम्ही गावकऱ्यांनी टाळ्या वाजवल्या. तरी सरकारने त्याला आमच्या करातून वकील दिला. आरोपीला सगळे हक्क, आणि मुलीच्या आईबापांना? – एक संतप्त वाचक

उत्तर : तुमचा संताप मी समजू शकते. मी टाळ्या वाजवल्या नसत्या, एवढंच.

तो ठराव कायद्याने रद्दबातल आहे. २०१० मध्ये तमिळनाडूच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने असे सगळेच ठराव बेकायदा ठरवले. आता तुमच्याच बाजूने विचार करा. आरोपीला वकील न देता शिक्षा झाली, तर उच्च न्यायालयात पहिलाच मुद्दा तो निघेल आणि खटला पुन्हा चालवायला परत पाठवला जाऊ शकतो. म्हणजे त्या मुलीला परत साक्षीच्या पिंजऱ्यात उभं करायचं. तिच्या आईला विचारा, हे चालेल का.

कसाबची आठवण करून देते. त्याचं वकीलपत्र घेणाऱ्याच्या घरासमोर घोषणा झाल्या होत्या, तरी खटल्यात त्याला वकील दिला गेला. सर्वोच्च न्यायालयातही त्याच्या बाजूने ज्येष्ठ वकील उभे केले. २९ ऑगस्ट २०१२ च्या निकालात फाशी कायम झाली. त्याच निकालात न्यायालयाने सांगितलं, की आरोपी पहिल्यांदा मॅजिस्ट्रेटपुढे येतो तेव्हाच त्याला वकिलाचा हक्क आहे हे सांगणं आणि ऐपत नसेल तर सरकारी खर्चाने वकील देणं हे मॅजिस्ट्रेटचं कर्तव्य आहे. शिवाय त्याच खटल्यातले दोन भारतीय सहआरोपी पुराव्याअभावी तिन्ही पायऱ्यांवर निर्दोष सुटले. बचावाचा वकील नसता, तर त्यांनी हल्ल्याच्या ठिकाणांचे नकाशे पुरवल्याचा पुरावा कुणी तपासून पाहिला असता?

आईबापांचं म्हणाल, तर त्यांनाही हक्क आहेत, ते वापरले जात नाहीत. तपासाची प्रगती नव्वद दिवसांच्या आत फिर्यादीला किंवा पीडितेला कळवायची, हे नव्या संहितेत लिहिलेलं आहे. सरकारी वकिलाला मदत करायला त्यांना स्वतःचा वकील लावता येतो. नुकसानभरपाईसाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करता येतो, खटला संपेपर्यंत थांबावं लागत नाही. तुमच्या वकील संघाने ठरावाऐवजी यातलं एखादं काम अंगावर घेतलं असतं तर मी सगळ्यांत आधी टाळ्या वाजवल्या असत्या.

प्रश्न : मी ग्रामसेवक. पाणीपट्टीच्या रकमेवरून खातेचौकशी होऊन माझ्या दोन वेतनवाढी कायमच्या बंद झाल्या. आता त्याच रकमेसाठी अपहाराचा खटला भरलाय. एका गुन्ह्याला दोनदा शिक्षा नाही, असं घटनेत आहे ना?

उत्तर : आहे, कलम २०(२). पण ते तुमच्या उपयोगाचं नाही. त्यासाठी आधी कोर्टापुढे खटला चालून शिक्षा झालेली असावी लागते. खातेचौकशी म्हणजे खटला नव्हे. १९५३ चा मकबूल हुसेन विरुद्ध मुंबई राज्य हा निकाल बघा. जेद्दाहून सांताक्रूझ विमानतळावर उतरलेल्या माणसाकडे शंभर तोळ्यांहून जास्त सोनं सापडलं, ते कस्टमने जप्त केलं आणि वर त्याच्यावर फौजदारी खटलाही झाला. कस्टमचा अधिकारी म्हणजे कोर्ट नव्हे, म्हणून तो खटला चालला. तुमचाही चालेल. तेव्हा या मुद्द्यावर फी घालवू नका. पावतीपुस्तकं आणि बँकेचे भरणा चलन कुठे आहेत ते शोधा, आणि खातेचौकशीतल्या साक्षीदारांच्या जबाबांच्या प्रती आत्ताच मागून घ्या. उलटतपासाला त्याच लागतील.