पाऊस तेवढाच, मग बदललं काय? भारताच्या हवामानाविषयी वाचकांचे प्रश्न

प्रश्न : आमच्या भागात मृगाच्या पावसावर पेरण्या उरकायच्या. आता निम्मा जून कोरडा जातो. मान्सून खरंच उशिरा यायला लागलाय का?

येण्याची तारीख फारशी हललेली नाही, जाण्याची मात्र चांगलीच हलली आहे. मान्सूनच्या जुन्या सर्वसाधारण तारखा विसाव्या शतकाच्या पूर्वार्धातल्या नोंदींवर बेतलेल्या होत्या. हवामान खात्याने २०२० साली त्या नव्याने ठरवल्या. केरळची १ जून तशीच राहिली, मुंबईची १० जूनची ११ झाली. पण वायव्य भारतातून परतीचा प्रवास पूर्वी १ सप्टेंबरला सुरू होतो असं धरत, ती तारीख आता १७ सप्टेंबर आहे. मुंबईतून मान्सून २९ सप्टेंबरला जायचा, तो आता ८ ऑक्टोबरला जातो. काढणीला आलेलं सोयाबीन भिजतं ते यामुळेच. तुम्हाला जो उशीर जाणवतो तो बहुतेकदा आगमनानंतर पडणारा खंड असतो. म्हणून पहिल्या सरीवर चाड्यावर मूठ धरू नका. ७५ ते १०० मिलिमीटर पाऊस होऊन जमिनीत ओल मुरेपर्यंत थांबा, असं कृषी विभाग सांगतो ते अगदी योग्य आहे.

प्रश्न : देशाची पावसाची सरासरी तर वर्षानुवर्षं तेवढीच सांगतात. मग बदल कुठे झाला?

जून ते सप्टेंबरची देशाची सरासरी १९६१ ते २०१० या काळावरून ८८ सेंटिमीटर होती, १९७१ ते २०२० वरून ती ८७ आहे. हा फरक किरकोळ वाटतो, पण सरासरी फार मोठ्या गोष्टी पोटात घालते. २६ जुलै २००५ ची नोंद बघा. सांताक्रूझच्या पर्जन्यमापकात २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस जमा झाला आणि त्याच शहराच्या दक्षिण टोकाला, कुलाब्याला, जेमतेम ७४. या दोन आकड्यांची सरासरी काढून मुंबईत त्या दिवशी काय घडलं ते कुणाला कळेल?

देशाचंही तसंच आहे. पृथ्वीविज्ञान मंत्रालयाच्या २०२० च्या अहवालानुसार १९५१ ते २०१५ या काळात मोसमी पाऊस सुमारे ६ टक्क्यांनी घटला. गंगेचं खोरं आणि पश्चिम घाट या भागांत ही घट ठळक आहे. त्याच सुमारास मध्य भारतात, एकाच वेळी मोठ्या प्रदेशावर कोसळणाऱ्या अतिवृष्टीच्या घटना जवळपास तिपटीने वाढल्या. पाऊस कमी दिवसांत, जास्त जोराने पडू लागला. हवेचं तापमान १ अंशाने वाढलं की तिची बाष्प धरून ठेवण्याची क्षमता सुमारे ७ टक्क्यांनी वाढते. त्यात उष्णकटिबंधीय हिंदी महासागराचा पृष्ठभाग १९५१ ते २०१५ मध्ये सरासरी १ अंशाने तापला. अरबी समुद्रावरून येणाऱ्या वाऱ्यांना आता पूर्वीपेक्षा जास्त बाष्प मिळतं. दुष्काळ आणि महापूर एकाच तालुक्यात एकाच वर्षी दिसतात याचं मला म्हणूनच आश्चर्य वाटत नाही, काळजी वाटते.

प्रश्न : हवामान खातं नव्हतं तेव्हाच्या पावसाविषयी आज खात्रीने कसं बोलता येतं?

मोजमाप आपल्याला नवं नाही. कौटिल्याच्या अर्थशास्त्रात पाऊस मोजण्याचं कुंड आहे, प्रदेशवार पावसाचं प्रमाणही आहे. अवंतीला, म्हणजे उज्जैनच्या परिसराला, २३ द्रोण (द्रोण हे तेव्हाचं माप), आणि अपरांत म्हणजे कोकणाला 'अमित', म्हणजे अमर्याद! पण तेव्हाच्या वर्षावर्षाच्या वह्या आपल्यापर्यंत आलेल्या नाहीत. ती उणीव गुहा भरून काढतात.

छत्तीसगडमध्ये बस्तरला दंडक नावाची चुनखडीची गुहा आहे. छतातून झिरपणारं पाणी थेंब थेंब गळतं आणि चुन्याचा पातळ थर मागे ठेवतं. ऑक्सिजनचे काही अणू इतरांपेक्षा किंचित जड असतात. जोरदार मान्सूनच्या पाण्यात या जड ऑक्सिजनचं प्रमाण कमी असतं, दुबळ्या मान्सूनच्या पाण्यात जास्त. थरांचं वय काढायचं, प्रत्येक थरातला ऑक्सिजन तपासायचा, की शतकांचा पाऊस वाचता येतो. चौदाव्या शतकापासून पंधराव्याच्या मध्यापर्यंत मान्सून वारंवार दुबळा पडल्याचं दंडकचे थर दाखवतात. महाराष्ट्रात दुर्गादेवीचा दुष्काळ म्हणून जो स्मरणात राहिला, तो १३९६ च्या सुमाराचा. दगड आणि लोकस्मृती एकमेकांना दुजोरा देतात, हे मला या विषयातलं सर्वांत विलक्षण वाटतं. मेघालयातल्या मावम्लुह गुहेने तर सुमारे ४,२०० वर्षांपूर्वीचा मोठा कोरडा काळ जपला आहे. २०१८ साली भूशास्त्रज्ञांनी तेव्हापासूनच्या कालखंडाला 'मेघालयन' हे नाव दिलं.

उपकरणांचा इतिहास त्या मानाने अलीकडचा. कलकत्त्यात १७८५ मध्ये आणि मद्रासमध्ये १७९६ मध्ये वेधशाळा झाल्या, कुलाब्याची १८२६ मधली. कलकत्त्याला १८६४ मध्ये चक्रीवादळाने झोडपलं, १८६६ आणि १८७१ मध्ये पावसाने दगा दिला. त्यानंतर, १८७५ साली, देशभराचं हवामान खातं स्थापन झालं आणि हेन्री ब्लॅनफर्ड त्याचे पहिले प्रमुख झाले. हिमालयावर बर्फ जास्त साचलं की मान्सून कमजोर पडतो, असा त्यांचा आडाखा होता. १९०४ मध्ये गणितज्ञ गिल्बर्ट वॉकर आले. मान्सूनचं कोडं सोडवायला त्यांनी जगभरचे हवादाबाचे आकडे ताडून पाहिले आणि पॅसिफिक व हिंदी महासागरांवरचा दाब झोपाळ्यासारखा वरखाली होतो हे शोधून काढलं. आज आपण एल निनोबद्दल, म्हणजे पॅसिफिकचं पाणी अधूनमधून नेहमीपेक्षा जास्त तापण्याबद्दल, जे बोलतो त्याची हवेतली बाजू म्हणजे हा झोपाळा. भारतातल्या दुष्काळाची चिंता नसती तर हा शोध इतक्या लवकर लागला असता असं मला वाटत नाही.

प्रश्न : वेधशाळांभोवती शहरं वाढली. ही तापमानवाढ म्हणजे नुसता काँक्रीटचा परिणाम नाही का?

शंका रास्त आहे आणि शास्त्रज्ञ ती रोज घेतात. तापमापक झरोक्यांच्या पांढऱ्या लाकडी पेटीत, जमिनीपासून साधारण सव्वा मीटरवर, गवतावर आणि मोकळ्या जागी असायला हवा. पेटी हलली, उपकरण बदललं, शेजारी इमारत उठली, तर नोंदींच्या मालिकेत पायरी दिसते. आसपासच्या केंद्रांशी ताडून ती पकडता येते. मे २०२४ मध्ये दिल्लीच्या मुंगेशपूर केंद्राने ५२.९ अंश दाखवले. हवामान खात्याने तपासणी केली, तेव्हा सेन्सर ३ अंश जास्त दाखवत असल्याचं आढळलं. अविश्वसनीय आकडा असा तपासला गेला, हेच महत्त्वाचं. शिवाय समुद्रावर काँक्रीट नाही, तरी तोही तापतो आहे. शहरांमुळे स्थानिक उष्मा वाढतो हे खरंच आहे, विशेषतः रात्री, पण देशभरातल्या तापमानवाढीचा उलगडा तेवढ्याने होत नाही.

प्रश्न : भारत १९०१ ते २०१८ मध्ये फक्त ०.७ अंशाने तापला, जग त्याहून जास्त. मग आपल्याला चिंता कशाला?

हवेतले धूर-धुळीचे कण ऊन अडवतात आणि उत्तर भारतातलं अफाट सिंचन जमिनीला गारवा देतं. या दोन्हींनी वाढ झाकली गेली आहे. फुप्फुसं जाळणाऱ्या धुराचा आधार कुणी धरू नये. हवा स्वच्छ करावीच लागेल, आणि तेव्हा झाकलेली उष्णता उघडी पडेल. २०२४ हे १९०१ पासूनचं देशातलं सर्वांत उष्ण वर्ष ठरलं.

प्रश्न : माझ्या वडिलांनी शेतावर पर्जन्यमापक ठेवून चाळीस वर्षं पाऊस लिहून ठेवलाय. त्या वह्यांचा काही उपयोग आहे का?

आहे, मोठा आहे. रद्दीत मुळीच घालू नका. आधी पानांचे स्वच्छ फोटो काढा. मग तीन गोष्टी लिहून ठेवा : मापक नेमका कुठे होता, जागा कधी बदलली का, आणि नोंद किती वाजता घेतली जायची. हवामान खात्याची नोंद सकाळी साडेआठला होते आणि आधीच्या २४ तासांचा पाऊस त्या दिवसाच्या तारखेला लागतो. वडील संध्याकाळी मोजत असतील तर तारखा जुळणार नाहीत. तसं असेल तर आकडे बदलू नका, फक्त तसं नमूद करा. कोऱ्या रकान्याचा अर्थ 'पाऊस नाही' की 'नोंद नाही' हे वडिलांना आत्ताच विचारून घ्या. मग जवळच्या सरकारी केंद्राच्या आकड्यांशी ताडून बघा. ते हवामान खात्याच्या पुण्यातल्या राष्ट्रीय विदा (डेटा) केंद्राकडे मागता येतात.