एकही नॉर्म नसताना नागपूरची बुद्धिबळपटू दिव्या देशमुख 2025 चा महिला विश्वचषक जिंकून ग्रँडमास्टर, म्हणजे बुद्धिबळातील सर्वोच्च किताबाची मानकरी, कशी झाली? हा किताब नियमाला बगल देऊन दिलेला आहे का?

नाही. किताब पूर्णपणे नियमानुसार दिलेला आहे, आणि माझ्या मते नॉर्मच्या नेहमीच्या वाटेपेक्षा ही वाट अधिक खडतर होती. मी जिल्हा आणि राज्य पातळीवरील बुद्धिबळ स्पर्धांत पंच म्हणून काम करतो, त्यामुळे हा प्रश्न मला पालकांकडून वारंवार ऐकावा लागतो. तो विचारणाऱ्यांच्या मनात बहुधा असा समज असतो की नॉर्म म्हणजे परीक्षा आणि स्पर्धा जिंकणे म्हणजे नशीब. म्हणून आधी नॉर्म म्हणजे काय, हे नीट पाहू.

ग्रँडमास्टर होण्यासाठी सर्वसाधारणपणे दोन अटी असतात. एक म्हणजे क्लासिकल, अर्थात लांब वेळेच्या प्रकारात कधी ना कधी 2500 रेटिंग (निकालांवरून काढलेला ताकदीचा आकडा) गाठणे आणि दुसरी म्हणजे एकूण किमान 27 डावांचे मिळून तीन नॉर्म मिळवणे. नॉर्मसाठी साधारणपणे नऊ डावांच्या स्पर्धेत 2600 च्या तोडीची कामगिरी करावी लागते, पण नुसते गुण मिळवून भागत नाही. प्रतिस्पर्ध्यांपैकी किमान तीन ग्रँडमास्टर असावे लागतात आणि सगळे प्रतिस्पर्धी आपल्याच देशाचे असून चालत नाही. स्पर्धा संपल्यावर मुख्य पंच एका तक्त्यात प्रत्येक फेरीतील प्रतिस्पर्ध्याचे नाव, देश, किताब, रेटिंग आणि निकाल भरून सही करतो. त्या तक्त्यातील किताबाच्या रकान्यात पुरेसे ग्रँडमास्टर दिसले नाहीत, तर खेळ कितीही उत्तम झालेला असला तरी नॉर्म मिळत नाही. आपली मुले सर्बियापासून स्पेनपर्यंत महिनोन्महिने स्पर्धा खेळत का फिरतात आणि त्यापायी घरातील बचत का संपते, याचे उत्तर या रकान्यात आहे.

महिला खेळाडूंची खरी अडचणही येथेच आहे. जगात दोन हजारांच्या आसपास ग्रँडमास्टर झाले असतील, पण त्यांत महिला पन्नासाहूनही कमी आहेत. त्यामुळे महिला गटात खेळणाऱ्या मुलीसमोर पुरेसे ग्रँडमास्टर येतच नाहीत. दिव्याचेच उदाहरण घ्या. 2024 च्या बुडापेस्ट ऑलिंपियाडमध्ये, म्हणजे देशांच्या संघांच्या जागतिक बुद्धिबळ स्पर्धेत, तिने तिसऱ्या पटावर 11 डावांत 9.5 गुण मिळवले, एकही डाव हरली नाही, वैयक्तिक सुवर्णपदक जिंकले आणि भारतीय महिला संघाच्या पहिल्या सुवर्णपदकात मोठा वाटा उचलला. त्याच वर्षी गांधीनगर येथे ती 11 पैकी 10 गुणांसह जागतिक कनिष्ठ विजेती झाली. एवढे करूनही नॉर्मच्या खात्यात शून्य. म्हणून नॉर्मची संख्या ही केवळ ताकदीची मोजणी नसते, आपल्याला कोणाशी खेळायला मिळाले याचीही ती मोजणी असते, हे मला आग्रहाने सांगावेसे वाटते.

आता थेट किताबाकडे येतो. काही मोजक्या स्पर्धा इतक्या कठीण असतात की त्या जिंकणाऱ्याला फिडे, म्हणजे जागतिक बुद्धिबळ महासंघ, थेट किताब देते. महिला विश्वचषक ही त्यांपैकी एक. 2021 मध्ये सोची येथे अलेक्झांड्रा कोस्टेनियुक आणि 2023 मध्ये बाकू येथे अलेक्झांड्रा गोर्याचकिना यांनी हा चषक जिंकला, पण त्या दोघी आधीपासूनच ग्रँडमास्टर होत्या. त्यामुळे ही तरतूद लोकांच्या लक्षात आली नव्हती. 2025 मध्ये जॉर्जियातील बाटुमी येथे 15 वे मानांकन आणि 2463 रेटिंग असलेली 19 वर्षांची मुलगी जिंकली, तेव्हा सगळ्यांनी नियमपुस्तिका उघडली.

ती कोणाला हरवून जिंकली, हे पाहण्यासारखे आहे. चौथ्या फेरीत दुसरे मानांकन असलेली चीनची झू जिनर, उपांत्यपूर्व फेरीत द्रोणावल्ली हरिका, उपांत्य फेरीत माजी जगज्जेती तान झोंगयी आणि अंतिम फेरीत कोनेरू हम्पी. या चौघीही ग्रँडमास्टर आहेत. नॉर्मसाठी नऊ डावांत तीन ग्रँडमास्टर समोर असले तरी पुरते आणि त्यांतील एखाद्याकडून हरले तरी चालते. बाटुमीत बाद पद्धत होती. एक सामना हरला की घरी परतायचे. चार ग्रँडमास्टरांना ओळीने बाद करणे तीन नॉर्मपेक्षा सोपे आहे, असे पटावर कधी दडपणाखाली बसलेला माणूस म्हणणार नाही.

यातील दोन लढती मला विशेष महत्त्वाच्या वाटतात. तान झोंगयीविरुद्ध पहिला डाव बरोबरीत सुटल्यावर दुसरा डाव 101 चालींपर्यंत गेला. इतक्या लांबलेल्या डावात सुरुवातीची तयारी केव्हाच संपलेली असते आणि उरते ती फक्त गणना, अंतिम अवस्थेचे ज्ञान आणि बसून राहण्याची ताकद. एवढ्या डावानंतर समोरच्या माजी जगज्जेतीला हरवणे हे नशिबाचे काम नाही. दुसरी लढत अर्थातच अंतिम फेरीची. 26 आणि 27 जुलैचे दोन्ही क्लासिकल डाव बरोबरीत सुटले. 28 जुलैला प्रत्येकी 15 मिनिटे आणि प्रत्येक चालीला 10 सेकंद वाढ अशा जलद डावांचा टायब्रेक, म्हणजे बरोबरी फोडणारा सामना, झाला. जलद बुद्धिबळात हम्पी म्हणजे साधी प्रतिस्पर्धी नव्हे. 2019 आणि 2024 अशी दोन वेळा ती या प्रकाराची जगज्जेती झालेली आहे. पहिला जलद डाव बरोबरीत गेला. दुसऱ्यात दिव्याकडे काळे मोहरे होते आणि घड्याळाच्या रेट्यात तोल सांभाळून तो डाव तिने जिंकला. त्या एका निकालाने विश्वचषक, 2026 च्या महिला कँडिडेट्स (जगज्जेतीची आव्हानवीर ठरवणाऱ्या) स्पर्धेतील जागा आणि ग्रँडमास्टर किताब हे सारे एकदम हाती आले. ती भारताची 88 वी ग्रँडमास्टर ठरली आणि हम्पी, हरिका व वैशाली यांच्यानंतरची चौथी भारतीय महिला ग्रँडमास्टर. स्पर्धेला आली तेव्हा आपल्याकडे एकही नॉर्म नव्हता, हे तिनेच विजयानंतर सांगितले होते. त्यात लपवण्यासारखे काही नव्हतेच.

हे यश अचानक आलेले नाही, हेही सांगायला हवे. 9 डिसेंबर 2005 ला नागपुरात जन्मलेल्या या मुलीने 2014 मध्ये डर्बन येथे 10 वर्षांखालील आणि 2017 मध्ये ब्राझीलमध्ये 12 वर्षांखालील मुलींचे जगज्जेतेपद मिळवले होते. 2023 मध्ये ती आशियाई महिला विजेती झाली आणि त्याच वर्षी तिला इंटरनॅशनल मास्टर हा किताब मिळाला. त्याच शहरात त्याच महिन्यात जन्मलेला रौनक साधवानी मात्र रीतसर नॉर्म पूर्ण करून 2019 मध्ये, वयाच्या तेराव्या वर्षीच ग्रँडमास्टर झाला. दोघांच्या वाटा इतक्या वेगळ्या का झाल्या, याचा विचार करताना मला पुन्हा तो तक्त्यातील रकानाच आठवतो.

स्त्रियांनी कोणाशी खेळावे, हा वाद महाराष्ट्राला नवा नाही. 1976 मध्ये अवघ्या 13 वर्षांच्या रोहिणी खाडिलकर पुरुषांच्या राष्ट्रीय स्पर्धेत उतरल्या, तेव्हा गदारोळ झाला आणि प्रकरण उच्च न्यायालयात गेले. त्यानंतर तेव्हाचे फिडे अध्यक्ष मॅक्स युवे यांनी स्त्रियांना राष्ट्रीय व आंतरराष्ट्रीय स्पर्धांतून वगळता येणार नाही, असा निर्णय दिला. पुढे रोहिणीताई 1981 आणि 1983 मध्ये आशियाई विजेत्या झाल्या. त्यांच्या भगिनी वासंती या 1974 च्या पहिल्या राष्ट्रीय महिला स्पर्धेच्या विजेत्या, तर जयश्री या भारताच्या पहिल्या महिला इंटरनॅशनल मास्टर. आज खुल्या, म्हणजे स्त्री-पुरुष दोघांसाठीच्या, गटात मुलीचे नाव सहज लिहिले जाते, त्यामागे या घराचे मोठे ऋण आहे. दुर्दैवाने आपल्याकडच्या नव्या पालकांना ही नावे ठाऊक नसतात.

दिव्याच्या बाबतीत पुढे काय झाले, तेही आपल्या प्रश्नाला लागू आहे. सप्टेंबर 2025 मध्ये समरकंद येथील ग्रँड स्विस स्पर्धेत ती महिला गटाऐवजी खुल्या गटात खेळली. तेथे तिने इजिप्तचा ग्रँडमास्टर बासेम अमीन याला हरवले आणि जगज्जेत्या गुकेशला बरोबरीत रोखले. त्यानंतर गोव्यात झालेल्या खुल्या विश्वचषकात मात्र ती पहिल्याच फेरीत ग्रीसच्या ग्रँडमास्टरकडून 0-2 अशी हरली. हे दोन्ही निकाल एकत्र ठेवून पाहिले पाहिजेत. खुल्या गटातील खेळाडूंशी तिचे अंतर अजून आहे आणि तेथे सातत्य यायला वेळ लागेल. पण किताब तिच्या ताकदीपेक्षा मोठा आहे, असे समरकंदचे डाव पाहून कोणी म्हणू शकणार नाही. आपण स्वतः ते डाव कोणत्याही बुद्धिबळ संकेतस्थळावर चालवून पाहा, विशेषतः अमीनविरुद्धचा.