मिनेझिस ब्रागांझा नेमके कोण: पत्रकार, की सरकारदरबारी बसणारे भाटकार?

पणजीतल्या ‘इन्स्टिट्यूट मिनेझिस ब्रागांझा’ या संस्थेला ज्यांचं नाव आहे ते लुईस द मिनेझिस ब्रागांझा पत्रकार होते की सरकारी कौन्सिलातले बडे गृहस्थ, आणि चांदरच्या एवढ्या मोठ्या भाटकार म्हणजे जमीनदार घराण्यातला माणूस पोर्तुगीजांविरुद्ध गेला कसा, असं तुम्ही विचारलंय.

दोन्ही होते. पण कौन्सिलात बसायचे म्हणून सरकारचे झाले, असं मात्र नाही. घराण्याने त्यांना पोर्तुगीज भाषा दिली, शिक्षण दिलं, पुस्तकं दिली आणि राज्यकर्त्यांसमोर न दबता बोलण्याची सवय दिली. हे सगळं त्यांनी त्या राज्यकर्त्यांना जाब विचारण्यासाठी वापरलं. मडगावच्या आसपास वाढल्यामुळे त्यांचं नाव माझ्या कानावर लहानपणापासून आहे. शाळेत मात्र त्यांच्याबद्दल दोन ओळींपलीकडे काही शिकवलं नाही, याचं मला आजही वाईट वाटतं.

त्यांचा जन्म 15 जानेवारी 1878 चा, चांदरचा. हे चांदर म्हणजे जुनं चंद्रपूर, कदंबांची एके काळची राजधानी. गावच्या चौकात चर्चजवळ ब्रागांझांचं घर आहे. दर्शनी बाजूला खिडक्यांची एवढी लांब रांग आहे की एका नजरेत मावत नाही. घराचे दोन भाग, पूर्वेचा परेरा ब्रागांझांचा, पश्चिमेचा मिनेझिस ब्रागांझांचा. झुंबरं आणि चिनी मातीची भांडी बघायला लोक येतात. मी मात्र सांगेन की आत गेलात तर पुस्तकांच्या कपाटांपाशी थांबा. गोव्यातल्या खाजगी ग्रंथसंग्रहांत हा सगळ्यांत मोठ्यांपैकी एक मानला जातो.

त्यांची पत्रकारिता समजून घ्यायची तर आधी एक गोष्ट लक्षात ठेवायला हवी. भारतातला पहिला छापखाना गोव्यात आला तो 1556 मध्ये, पण 1754 मध्ये इथे छपाईवरच बंदी आली. 1821 मध्ये ‘गॅझेटा द गोवा’ निघालं, तेही सरकारी. खाजगी मालकीचं पहिलं पत्र ‘ओ उल्त्रामार’ मडगावात निघायला 1859 उजाडलं. म्हणजे 1900 मध्ये मेसियस गोमिश यांनी ‘ओ हेराल्दो’ हे दैनिक काढलं आणि बाविशीतले मिनेझिस ब्रागांझा त्यात उतरले, तेव्हा सरकारवर टीका करणारी पत्रकारिता इथे अजून कोवळीच होती. (आजचं इंग्रजी ‘हेराल्ड’ ते हेच. 1983 मध्ये त्याने भाषा बदलली.) पुढे 1911 मध्ये त्यांनी ‘ओ देबात’ काढलं आणि 1928 मध्ये ‘प्रकाश’.

1911 या सालाला अर्थ आहे. 5 ऑक्टोबर 1910 ला पोर्तुगालमध्ये राजेशाही गेली आणि प्रजासत्ताक आलं. पुढच्याच वर्षी धर्म आणि राज्यकारभार वेगळे करणारा कायदा झाला. तोवर कॅथलिक धर्म हा राज्याचा धर्म होता आणि गोव्यातला हिंदू कायद्याच्या दृष्टीने कायम एक पायरी खाली. प्रजासत्ताकाने सरकारी नोकरीचे आणि शाळांचे दरवाजे त्याला उघडले, निदान कागदावर. ते प्रत्यक्षातही उघडावेत म्हणून पोर्तुगीजमधून जे लिहीत राहिले त्यांत मिनेझिस ब्रागांझा पुढे होते. हिंदूंच्या बाजूने गो. पुं. हेगडे देसाई ‘भारत’ चालवत होते आणि त्यापायी खटले अंगावर घेत होते. आपण मराठी वाचणारे हेगडे देसायांचं नाव घेतो, घ्यायलाच हवं. पण याच मागण्या एक कॅथलिक भाटकार गव्हर्नरच्या भाषेत मांडत होता, हेही सांगायला हवं.

धर्माच्या बाबतीत ते आपल्या समाजालाही सोडत नसत. गावाच्या सामाईक जमिनी सांभाळणाऱ्या गावकरी संस्थांच्या, म्हणजे कोमुनिदादींच्या, उत्पन्नातून चर्चच्या उपासनेवर खर्च व्हायचा. शेतजमिनी सगळ्या गावाच्या, आणि त्यांतला पैसा एका धर्माच्या पूजाअर्चेला का, हा प्रश्न त्यांनी 1914 च्या सुमारास लिखाणातून धसाला लावला. चर्चच्या शेजारी राहून, घराण्याचे सगळे संबंध त्याच वर्तुळात असताना हे लिहिणं सोपं नसणार. सरकारविरुद्ध लिहिलं तर निदान चार लोक पाठ थोपटतात. आपल्या जातभाईंविरुद्ध लिहिलं की जेवणाची आमंत्रणंही कमी होतात, हे गोव्यात राहणाऱ्या कुणालाही समजावून सांगावं लागत नाही.

आता कौन्सिलचं. तिथे पदसिद्ध सरकारी अधिकारी असायचे आणि निवडून आलेले सभासदही. मतदानाचा हक्क मोजक्या लोकांना, त्यामुळे आजच्या विधानसभेशी त्याची तुलना करू नका. मिनेझिस ब्रागांझा निवडून आलेल्यांच्या बाजूचे. 1926 च्या लष्करी उठावानंतर लिस्बनची हवा पालटली होती. पुढे पोर्तुगालचे हुकूमशहा झालेले सालाझार 1928 पासून अर्थमंत्री होते आणि 1930 मध्ये काही महिने वसाहतींचं खातंही त्यांच्याकडे आलं. त्यातून ‘आक्तो कोलोनियाल’ हा वसाहतींचा कायदा तयार झाला. दूरदेशीचे मुलूख ताब्यात ठेवणं आणि तिथल्या लोकांना सुसंस्कृत करणं हे पोर्तुगीज राष्ट्राच्या प्रकृतीतच आहे, असा त्याचा सूर. प्रजासत्ताकाने समान नागरिक म्हटलेल्या गोवेकरांना हा कायदा पुन्हा प्रजा करून ठेवणार होता.

4 जुलै 1930 ला मिनेझिस ब्रागांझांनी कौन्सिलात ठराव आणला. आशय असा: प्रत्येक जनतेला आपलं व्यक्तित्व पूर्णत्वाला नेऊन आपलं भवितव्य आपण ठरवण्याचा जन्मसिद्ध हक्क आहे आणि पोर्तुगीज इंडिया तो सोडायला तयार नाही. पोर्तुगीज राष्ट्राची प्रकृती काय ते तुम्ही सांगता, तर आमचीही ऐका, असं हे रोखठोक उत्तर. चारच दिवसांनी, 8 जुलैला, लिस्बनने तो कायदा जारी केला. ठरावाने कायदा थांबला नाही. पण गोव्याच्या जनतेचा स्वयंनिर्णयाचा हक्क सरकारच्याच सभागृहात, सरकारच्याच दप्तरात नोंदला गेला, तोही राम मनोहर लोहियांच्या 1946 च्या मडगावच्या सभेआधी सोळा वर्षं. माझ्या मते त्यांच्या आयुष्यातली सगळ्यांत मोठी गोष्ट हीच. कौन्सिलाबाहेर राहून त्यांनी हेच लिहिलं असतं तर तो एक अग्रलेख झाला असता.

त्यानंतर सेन्सॉरशिप आवळत गेली. लग्नपत्रिकासुद्धा सेन्सॉरच्या नजरेखालून जाव्या लागत, असं जुनी माणसं सांगतात ते याच राजवटीबद्दल. 1937 मध्ये ‘प्रकाश’ बंद पडलं आणि 10 जुलै 1938 ला ते गेले.

त्यांच्या मर्यादांबद्दलही बोललं पाहिजे. ते पोर्तुगीजमध्ये लिहीत. वरिष्ठ कॅथलिक आणि थोडे शिकलेले हिंदू सोडले तर गोव्यात ते वाचणारे कोण होते? त्यांच्याच भाटांत राहून राबणाऱ्या मुंडकारांपर्यंत, म्हणजे भाटकाराच्या जमिनीत घर करून राहणाऱ्या कष्टकऱ्यांपर्यंत, ते लेख पोचले नाहीत. कुळांना कायद्याचं संरक्षण मिळायला मुक्तीनंतरचं 1964 साल यावं लागलं. चळवळ लोकांत नेण्याचं काम चांदरच्याच, त्यांच्या नात्यातल्या त्रिस्ताव द ब्रागांझा कुन्हा यांनी केलं. गोवा काँग्रेस कमिटी 1928 मध्ये त्यांनीच काढली. आणि लुईसबाबांच्या कन्या बेर्ता, घर सोडून मुंबईत राहिल्या आणि कुन्हांच्या मृत्यूनंतर ‘फ्री गोवा’ त्यांनी चालवलं. घराण्याचा वारसा म्हणतात तो मला या बाईंमध्ये जास्त दिसतो.

संस्थेचं म्हणाल तर ती 1871 ची, मूळ नाव इन्स्तितुत वास्को द गामा. मुक्तीनंतर 1963 मध्ये गामाचं नाव काढून यांचं दिलं. प्रवेशद्वारापाशी निळ्या-पिवळ्या फरशांवर वास्कोच्या सफरीची चित्रं अजून आहेत, 1935 ची. ती ठेवली हे चांगलंच केलं.

त्यांचं लिखाण मुळातून वाचायचं असेल तर पणजीला पाट्टोवरच्या कृष्णदास शामा मध्यवर्ती ग्रंथालयात जुन्या गोमंतकीय वृत्तपत्रांचा विभाग आहे, तिथे चौकशी करा. पोर्तुगीज यायला हवी, हीच अडचण. निदान 1930 चा ठराव आणि निवडक अग्रलेख मराठीत यावेत असं फार वाटतं. तुमच्या ओळखीत पोर्तुगीज जाणणारं कुणी असेल तर जरूर कळवा, मराठीची बाजू मी सांभाळीन.