‘हंगाम झाला की देतो’

प्रश्न : आम्ही दोघे भाऊ सांगलीत पीव्हीसी पाइप आणि ठिबकच्या साहित्याचा होलसेल धंदा करतो. भागीदारीचा करार आहे, पण फर्मची नोंदणी केलेली नाही. तासगाव भागातल्या एका दुकानदाराला १४ नोव्हेंबर २०२२ पासून जानेवारी २०२३ पर्यंत माल दिला. उधारी किती दिवसांची, हे बिलावर नाही. एप्रिल २०२४ मध्ये त्यानं बँकेतून ५०,००० रुपये पाठवले. ६,८०,००० बाकी आहेत. ‘द्राक्षाचा हंगाम झाला की देतो,’ असे मेसेज येतात. वडील म्हणतात, कोर्टात गेलो तर बाजारात नाव जाईल. काय करावं? (ऑगस्ट २०२५)

उत्तर : तुमचं पत्र वाचून मी आधी कॅलेंडर काढलं. उधारीची मुदत ठरलेली नसेल, तर माल पोचवल्याच्या तारखेपासून तीन वर्षांत दावा लावावा लागतो, आणि तोही बिलागणिक. म्हणजे पहिल्या बिलाची मुदत येत्या १४ नोव्हेंबरला संपते.

मुदतीबाबत मी इतकी हट्टी का, ते सांगते. वकिलीच्या सुरुवातीला एक बी-बियाणांचे व्यापारी माझ्याकडे आले, ते मुदत संपून अकरा दिवसांनी. बिलं, सह्या, सगळं चोख होतं. पण समोरच्यानं मुदतीचा मुद्दा काढला नाही, तरी न्यायालयाला असा दावा फेटाळावाच लागतो. त्यांना परत पाठवताना मला फार वाईट वाटलं होतं.

५०,००० आल्यामुळे मुदत नव्यानं सुरू झाली, असं धरून चालू नका. त्यासाठी पैसे देणाऱ्याच्या हस्ताक्षरातली किंवा सहीची नोंद लागते. बँकेची नोंद किंवा मोबाइलवरचा मेसेज पुरेसा आहे का, यावर भांडता येतं. पण त्या भरवशावर थांबू नका. खातेउतारा घेऊन तासगावला जा, ‘बाकी मान्य’ असं लिहून तारखेसह सही मागा. १४ नोव्हेंबरच्या आत मिळाली तर तिथून नवी तीन वर्षं. वडिलांनाच पाठवा. हिशेब मागायला गेल्यानं कुणाचं नाव जात नाही.

सगळ्यात मोठी अडचण मात्र तुमच्याच घरात आहे. नोंदणी नसलेल्या फर्मला करारातल्या पैशासाठी दावाच लावता येत नाही, आणि दावा लावून मग नोंदणी केली तरी चालत नाही. रजिस्ट्रार ऑफ फर्म्सकडे याच आठवड्यात अर्ज करा, दोघांचीही नावं चढवून घ्या.

रक्कम ३ लाखांच्या वर आहे, म्हणून हा व्यापारी न्यायालयाचा दावा. तातडीचा मनाई हुकूम वगैरे मागायचा नसेल, तर आधी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे मध्यस्थीचा अर्ज सक्तीचा आहे. तो टाळून लावलेला दावा फेटाळला जातो. मध्यस्थीत गेलेला काळ मुदतीत मोजत नाहीत. दुकानदार आलाच नाही, तर तसा अहवाल मिळतो आणि तुम्ही मोकळे. मग सही केलेल्या बिलांवर समरी दावा, म्हणजे झटपट चालणारा दावा, लावता येतो का, ते तुमच्या वकिलांना कागद दाखवून विचारा. त्यात प्रतिवादीला बचाव करण्यासाठीच न्यायालयाची परवानगी लागते.

आणि त्या ५०,००० च्या नोंदीची प्रत फाइलला लावून ठेवा. दुकानदाराचं खातं कोणत्या बँकेत आहे, हे त्यावरून कळतं. तुमच्या बाजूनं हुकूमनामा, म्हणजे कोर्टाचा अंतिम आदेश, झाल्यावर तेच खातं जप्त करण्याचा अर्ज करता येईल.