तारीख संपल्यावर

"मॅडम, घरात समेट झालाय, पण अपील मागे घ्यायला हात धजत नाही." सांगलीत समुपदेशन करताना हे इतक्यांदा कानावर येतं, की एकाची गोष्ट सांगतेच. ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत.

साठी ओलांडलेले काका, वाळवा तालुक्यातले. वाटणीच्या दाव्यात विहीर धाकट्या भावाकडे गेली, म्हणून काकांनी जिल्हा न्यायालयात अपील केलं. सात वर्षांनी पुतणीच्या लग्नात दोघे बोलले. पाणी पाळीने घ्यायचं ठरलं, स्टँप पेपरवर सह्या झाल्या. वकिलांनी पुरसिस, म्हणजे अपील मागे घेत असल्याचं कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन, तयार ठेवली, तर काका दोनदा कोर्टाच्या पायरीवरून माघारी.

"काढून घेतलं म्हंजे मीच खोटा ठरलो की!"

"असं कोण म्हणालं?"

"कुणी न्हाई. मलाच वाटतंय."

आपल्याला घटना छळत नाही, तिला आपण दिलेलं नाव छळतं, या विचारावर माझा भर असतो. समेटाला काकांनी 'हार' हे नाव दिलं होतं. तीन भेटी त्यातच गेल्या. त्यांना पटायचं, तरी सही होईना.

चौथ्या भेटीत विचारलं, "सही केल्यावर दुसऱ्या दिवसापासून काय बदलेल?"

मांडीवरच्या कागदांच्या पिशवीचा बंद ते बोटाला गुंडाळत राहिले, सोडत राहिले.

"तारीख नसंल."

"मग?"

"तारखेला त्यो निदान दिसायचा तरी."

मी गप्प राहिले. धीर द्यायची घाई केली असती तर पुढचं रडणं आलंच नसतं. सात वर्षं भाऊ फक्त कोर्टाच्या व्हरांड्यात दिसत होता, आणि तेवढाही दुरावेल ही भीती 'हार' या शब्दाआड दडली होती.

मात्र "उद्या त्यानं शब्द फिरवला तर?" ही भीती खरी होती, आणि खरी भीती समजुतीने घालवू नये. ती मी वकिलांकडे पाठवते. नुसतं अपील मागे घेतलं की खालच्या कोर्टाचा हुकूमनामा जसाच्या तसा कायम राहतो. काकांच्या बाबतीत विहीर भावाचीच राहिली असती आणि पाळीची गोष्ट घरच्या कागदापुरती उरली असती. दिवाणी प्रक्रिया संहिता, 1908 च्या आदेश 23, नियम 3 प्रमाणे लेखी, सह्यांची तडजोड कोर्टात दाखल केली, तर तिच्यानुसार हुकूमनामा होतो. प्रकरण लोकअदालतीत ठेवून तिथे मिटलं तर कोर्ट फी परत मिळते, निवाडा अंतिम असतो, त्यावर अपील नाही. म्हणून सही करण्याआधी वकिलांना विचारा: आपण अपील नुसतं मागे घेतोय, की तडजोडीचा हुकूमनामा घेतोय? पाण्याचे वार, मोटारीचं वीजबिल कोण भरणार, सगळं त्यात लिहून घ्या.

काकांनी तसंच केलं. पुढची भेट मात्र त्यांनी फोन करून रद्द केली. भावाकडे हळद शिजवायला घातली होती, त्यांना तिकडे जायचं होतं.